परवानाधारक समक्ष हजर

सासरे वारले त्या सकाळी चावीवाल्यानं आयुष्यातलं सगळ्यात अवघड कुलूप उघडलं, आणि तिथंच सगळं बिघडलं.

सासऱ्यांना सगळे जेलरच म्हणत. निवृत्त होऊन जमाना झाला होता, पण लेकीच्या घरी मागच्या खोलीत राहूनही त्यांचा तोरा तुरुंगातलाच होता. कोण बाहेर गेलं, कोण आत आलं, याची हजेरी ते पडल्यापडल्या घेत. "मी जन्मभर माणसं कोंडली, आणि पोरीनं शोधला तो कुलपं उघडणारा," हे वाक्य ते पाहुण्यांना जावयासमोरच ऐकवत. चावीवाला हसून सोडून द्यायचा. त्याचं दुकान बरं चाललं होतं, स्वतःची गाडी होती, गाडीवर मोठ्या अक्षरांत 'कुलूप उघडून मिळेल' असं लिहिलं होतं. एकच गोष्ट त्याला सलायची. जेलरांच्या खोलीत भिंतीला बोल्ट मारून बसवलेलं एक पोलादी कपाट होतं, आणि त्या कपाटाजवळ जायची त्याला मनाई होती.

"जावईबापू, ते तुमच्याच्यानं नाही उघडायचं," जेलर म्हणायचे. कुलपाच्या धंद्यातल्या माणसाला असं म्हणणं म्हणजे आचाऱ्याला मीठ कमी पडलंय म्हणण्यासारखं आहे.

जेलर गेले ते पहाटे, झोपेत म्हणावं इतक्या सहज, लेकीच्या हातात हात ठेवून. तिनं आरडाओरडा केला नाही. बाबांची हनुवटी रुमालानं बांधली, डोळ्यांवर हात फिरवला, आणि बाहेर येऊन नवऱ्याला म्हणाली, "किती शांत गेले हो. कुणाचं काही घेणं नाही, देणं नाही. आता संध्याकाळच्या आत सगळं असंच शांतपणे व्हायला हवं. तुम्ही आणि भाऊ, दोघांनी खांदा द्यायचा. आणि त्यांना तो निळा कोट घालायचा. कपाटात आहे."

"चावी?"

"ती कुठं ठेवायचे ते त्यांनाच ठाऊक. तुम्ही उघडाल ना?"

उघडाल ना, असं विचारलं तिनं. चावीवाला आतून जवळजवळ उड्या मारत होता. सासरा मरून पडलाय, बायकोचे डोळे सुजलेत, आणि आपल्याला कुलपाचा आनंद होतोय याची त्याला लाजही वाटली, पण लाज वाटली म्हणून हात थांबले नाहीत. तुरुंगाच्या कारखान्यातलं जुनं कुलूप होतं ते. बराच वेळ ते त्याला दाद देईना. मग आत काहीतरी खट्ट झालं, दार सुटलं, आणि कडेच्या फटीतून लाल रंगाची एक पट्टी बाहेर येऊन अडकली. तिचा अर्थ त्याला लगेच कळला. हे कुलूप स्वतःच्या चावीशिवाय उघडलं की चुगली करतं, आणि मग मूळ चावीशिवाय परत लागत नाही.

कपाटात कोट होता. कोटाखाली बंदूक होती.

साधी बंदूकही नाही. आखूड, काळी, खालून गोळ्यांचा वाकडा खोका लावलेली, सिनेमातले वाईट लोक एका हातानं चालवतात तसली. चावीवाला मागं सरकला आणि त्यानं मेहुण्याला हाक मारली. मेहुणा नुकताच पोचला होता. तो कोर्टात टायपिस्ट होता. इतकी वर्षं दुसऱ्यांचे निकाल टाइप करून त्याला सगळा कायदा अर्धा अर्धा पाठ झाला होता, आणि अर्ध्या कायद्यानं माणूस जितका घाबरतो तितका पुऱ्या अज्ञानानं घाबरत नाही.

"भाऊजी," तो म्हणाला, "हे विशेष प्रतिबंधित हत्यार आहे. बाबांना कैद्यांच्या धमक्या यायच्या ना, म्हणून तेव्हा खास परवानगी मिळाली होती. पण ती फक्त त्यांना. हे शस्त्र घरातल्या दुसऱ्या कुणी हाताळायचं नाही, ठेवायचं नाही, न्यायचं नाही."

"मी हातसुद्धा नाही लावला. कपाट उघडलं फक्त."

"कपाट उघडणं म्हणजेच ताबा. कुलूपबंद असतं तर शस्त्र विभागाची माणसं आली असती, कपाटासकट घेऊन गेली असती, आपल्याला कुणी विचारलं नसतं. आता ही लाल पट्टी बघतील. मालक वारला, कुलूप फोडलेलं, आणि घरात एकच माणूस कुलूपवाला."

"मग मी चावी बनवतो ना नवीन. लावून टाकतो परत."

"किती वेळ लागेल?"

"या कुलपाला? चारेक दिवस."

"मृत्यूची नोंद झाली की तिथून शस्त्र विभागाला आपोआप कळतं. त्याच दिवशी दारात उभे राहतात." मेहुण्यानं घसा साफ केला. "भाऊजी, याला जामीन नाही."

दारात बायको उभी होती. तिनं सगळं ऐकलं होतं. ती बाबांच्या उशाशी जाऊन बसली आणि कोटाची घडी मांडीवर घेऊन नुसती चापचोपत राहिली. चावीवाल्याला वाटलं, हिनं एक शिवी दिली असती तरी बरं झालं असतं.

मेहुण्यानं शस्त्र विभागात फोन लावला. एका मित्राचं काम आहे, असं सांगून सुरुवात केली. पलीकडच्या कारकुनाचा आवाज जेवणाच्या सुट्टीची वाट बघणाऱ्या माणसाचा होता, आणि तो खोलीभर ऐकू येत होता.

"शस्त्र जमा करायचंय? परवानाधारकानं स्वतः यायचं."

"ते फार आजारी आहेत."

"मग गाडीतून आणा. मी गाडीपाशी येतो. आजाऱ्यांना आम्ही सवलत देतो."

"आणि समजा ते... म्हणजे उदाहरणार्थ, वारले असते तर?"

"तर कपाट बंद पाहिजे. उघडं असेल तर गुन्हा. का हो? हयात आहेत ना?"

मेहुण्यानं फोनवर हात ठेवून खाटेकडे बघितलं. चावीवाल्यानंही बघितलं. जेलर हनुवटीला रुमाल बांधून छताकडे तोंड करून पडले होते, नेहमीसारखेच नाराज.

"आहेत," मेहुणा म्हणाला. "पडूनच असतात जरा."

"नाव सांगून ठेवा, आणि आणा मग दुपारच्या आत. शस्त्र त्यांच्याच जवळ पाहिजे हां वाटेत. दुसऱ्या कुणाच्या हातात दिसलं तर मी जबाबदार नाही."

फोन ठेवला. जे प्रत्येकाच्या मनात आलं ते बोलून दाखवायची कुणाची छाती होईना. शेवटी बायकोच म्हणाली.

"बाबांना न्यायचं म्हणता तिथं?"

"एक तासाचं काम आहे, ताई," मेहुणा म्हणाला. "कोणी नीट बघतसुद्धा नाही. सही काय, अंगठा काय, झालं. घरी आणू, मग डॉक्टर लिहितील, संध्याकाळी सगळं रीतसर."

"माझ्या बापाला मेल्यावर ऑफिसात नेऊन उभं करायचं."

"बसवायचं," मेहुणा हळूच म्हणाला.

तिनं नवऱ्याकडे बघितलं. चावीवाल्यानं मान खाली घातली. पोलीस स्टेशनवर स्वतः जातो, होईल ते होईल, असं म्हणायचं त्याच्या तोंडावर आलं होतं. त्यानं म्हटलंही. पण म्हणताना आवाज इतका चिरकला की त्यात शौर्य काही उरलं नाही.

"गप्प बसा," बायको म्हणाली. "बाबा गेलेच आहेत. आता तुम्ही पण नका जाऊ. पण संध्याकाळच्या आत मला ते घरी हवेत, नि धड हवेत."

एवढ्यात डॉक्टर आले. शेजारच्याच गल्लीतले, घरोब्यातले. त्यांनी नाडी बघितली, मान हलवली आणि कागद काढला. मेहुण्यानं त्यांना बाजूला घेतलं. डॉक्टर आधी चिडले, मग बंदूक बघून बसले, मग पाणी मागितलं.

"वेळ मी नंतर घालतो," ते अखेर म्हणाले. "पण दुपारनंतर मला कुणाच्या लफड्यात ओढू नका."

जेलरांना कोट घातला. हनुवटीच्या रुमालावरून गळपट्टा गुंडाळला, डोळ्यांवर काळा चष्मा, डोक्यावर टोपी. हात वाकेनात, ते कसेबसे मांडीवर आणले. चावीवाल्याच्या गाडीत चाव्या कापायचं यंत्र होतं, त्याला टेकून गादी घातली आणि त्यावर जेलरांना अर्धवट बसवलं. बंदूक त्यांच्या मांडीवर, वरून चादर. बायको शेजारी बसली आणि वाटभर तिनं त्यांचं डोकं खांद्यावर धरून ठेवलं. मेहुणा पुढं बसून कायदा आठवत होता. चावीवाला गाडी इतकी सावकाश चालवत होता की मागच्या सायकली त्याला शिव्या देऊन पुढे जात होत्या.

मेलेलं कोंबडं आगीला भीत नाही म्हणतात. त्या गाडीत फक्त जेलर निवांत होते.

शस्त्र विभाग म्हणजे पोलिसांच्या आवारातली एक बुटकी इमारत, जाळीची खिडकी आणि आत तो कारकून. गाडी थांबल्याबरोबर तो चष्मा पुसत बाहेर आला. माणूस बरा दिसत होता, घाईत होता.

"झोपलेत?"

"औषधाची गुंगी आहे," मेहुणा म्हणाला.

"असू दे, असू दे. मी नोंद करूनच ठेवलीय. आता फक्त एकच. विशेष प्रतिबंधितच्या बाबतीत शस्त्र रिकामं करून दाखवायचं काम परवानाधारकाचं. रिकामं झाल्याशिवाय मी हात लावत नाही. उठवा त्यांना. बाकीचे खाली उतरा."

बायको उतरली आणि फाटकाच्या भिंतीपाशी जाऊन उभी राहिली. मेहुणा उतरला. चावीवाला मात्र सासऱ्यांना धरून बसला होता, कारण सोडलं असतं तर ते कलंडले असते.

"काका," कारकुनानं जेलरांचा हात हलवला. मग त्यानं तो हात सोडला नाही. धरूनच राहिला, आणि त्याचा चेहरा हळूहळू त्या हाताच्याच रंगाचा झाला.

"हे थंड आहेत."

त्यानं गळपट्टा जरा बाजूला केला आणि खालचा रुमाल बघितला.

"हे केव्हाचे थंड आहेत?"

"सकाळपासून," चावीवाल्याच्या तोंडून गेलं. खोटं बोलायचं काम मेहुण्याचं ठरलं होतं, पण मेहुणा जाळीच्या खिडकीकडे बघत होता.

कारकून गाडीच्या पायरीवर बसला. ओरडला नाही. त्याची अवस्था ओरडण्यापलीकडची होती. "मी आधी लिहितो," तो म्हणाला. "कायम आधी लिहितो. लोक येतातच, मग जेवायला वेळेवर जाता येतं. तुमचा फोन आला तेव्हाच लिहिलं. परवानाधारक समक्ष हजर, शुद्धीवर, शस्त्र स्वहस्ते रिकामं करून जमा."

"शुद्धीवर असं कशाला लिहिलंत?"

"शिक्काच तसा आहे. रबरी." त्यानं कपाळ पुसलं. "पानं नंबरवारी आहेत. खोडता येत नाही, फाडता येत नाही. मेलेल्या माणसाला मी शुद्धीवर लिहिलंय. माझी नोकरी गेली, पेन्शन गेली."

इकडे आड तिकडे विहीर हे चावीवाल्याला सकाळपासून माहीत होतं. आता आडात आणखी एक माणूस पडला होता, आणि तो बाहेर पडायला वाट काढू लागला.

"हात त्यांचाच पाहिजे," कारकून एकदम म्हणाला. "स्वहस्ते म्हटलंय. हात त्यांचा असला म्हणजे झालं, त्या हाताला धरलंय कुणी हे छापलेलं नाही. तुम्ही काय काम करता?"

"कुलपं उघडतो."

"मग खोका काढायचा खटका सापडेल तुम्हाला. मी पाठ फिरवतो. निघाला की सांगा."

चावीवाल्यानं चादर बाजूला केली आणि सासऱ्यांचा उजवा हात आपल्या हातात घेतला. लग्नाला इतकी वर्षं झाली, पण त्या माणसाचा हात त्यानं असा कधी धरला नव्हता. जेलर हात पुढे करायचे नाहीत, आणि हा मागायचा नाही. बोटं ताठ होती, नखं स्वच्छ कापलेली. त्याला अचानक भरून आलं. म्हातारा वाईट नव्हता हो. धाकात जगला होता, आणि धाक एवढा एकच दागिना त्यानं घरात सगळ्यांना घातला होता. चावीवाला मनातल्या मनात म्हणाला, बाबा, एवढं एक करू द्या, मग तुम्हाला घरी नेतो.

पण डोळ्यांत पाणी असताना नाजूक काम करू नये. कुलूपवाल्याची आणखी एक खोड असते. अनोळखी यंत्र दिसलं की तो जो पहिला खटका हाताला लागेल तो जरा दाबून बघतो. कुलपात त्यानं काही बिघडत नाही.

आवाज इतका मोठा झाला की फाटकावरची कबुतरं उडाली. गाडीत धूर झाला. चावीवाला यंत्रावर आपटला, आपण मेलो असं त्याला वाटलं, आणि पुढच्याच क्षणी आपण मेलो नाही हे कळल्यावर त्यानं सासऱ्यांकडे बघितलं. निळ्या कोटाला डाव्या बाजूला, छातीवर, बटणाएवढं भोक पडलं होतं. कडा जळत होत्या. जेलर होते तसेच बसून होते. टोपी तेवढी कानावर आली होती.

बायको धावत आली. तिनं आधी नवऱ्याच्या अंगावरून हात फिरवला, डोकं, छाती, पोट. तो धड आहे हे बघितल्यावर तिनं बाबांच्या कोटावरची ठिणगी बोटानं विझवली आणि टोपी सरळ केली. मग ती तोंडावर पदर घेऊन तशीच उभी राहिली.

समोरच्या इमारतीतून इन्स्पेक्टर आला. जेवता जेवता उठला होता, हात खरकटा होता. त्यानं गाडीत डोकावून बघितलं आणि विचारलं, "कोण मेलं?"

साधा प्रश्न होता. कुणालाही उत्तर देता येईना.

"कधी मेलं?" त्यानं पुढचा विचारला. तो तर त्याहून वाईट होता.

कारकुनानं तोंड उघडलं. "साहेब, मी यांचं शस्त्र जमा करून घेत होतो. समक्ष. नोंद आहे."

"समक्ष म्हणजे तुझ्यासमोर गोळी लागली यांना?"

"माझी पाठ होती तिकडे, साहेब."

डॉक्टरांना बोलावणं गेलं, कारण घरचे डॉक्टर म्हणून मेहुण्यानं त्यांचंच नाव सांगितलं. दुपारनंतर कुणाच्या लफड्यात नको म्हणणारे डॉक्टर भर दुपारी आले. त्यांच्या बॅगेत वेळ न घातलेला कागद होता. त्यांनी कोटाचं भोक बघितलं, चावीवाल्याकडे बघितलं, आणि पुन्हा भोक बघितलं.

"गोळी छातीतून गेलीय हे खरं," ते म्हणाले.

"रक्त नाही," इन्स्पेक्टर म्हणाला.

"या वयात फारसं नसतं."

इन्स्पेक्टरनं जेलरांचा हात उचलून बघायचा प्रयत्न केला. हाताबरोबर सगळे जेलरच उचलले गेले. "फार ताठ आहेत हो."

"जेलर होते," मेहुणा म्हणाला.

इन्स्पेक्टर काही खुळा नव्हता. त्यानं मेहुण्याकडे बघितलं, कारकुनाकडे बघितलं, खिडकीतून आत जाऊन ती नोंद वाचून आला आणि हात धुऊन आला. परत आला तेव्हा त्याचा चेहरा सकाळपासून या गाडीतल्या सगळ्यांचा होता तसा झाला होता. त्यानं चावीवाल्याला आणि मेहुण्याला भिंतीपाशी घेतलं आणि आवाज खाली आणून बोलायला सुरुवात केली.

"हे गृहस्थ सकाळी गेले असले, तर बेकायदा शस्त्र तुमच्याकडे, मयताकडून जमा करून घेणारा माझा कारकून, वेळ न लिहिणारा तुमचा डॉक्टर, आणि हे सगळं माझ्या आवारात. सगळी वरात आत. आणि आत्ता गेले असले तर? स्वतःचं शस्त्र, स्वतःचा परवाना, स्वतःचा हात. अपघात. शस्त्र पुरावा म्हणून माझ्याकडे जमा. कुणाचाच काही गुन्हा नाही."

"मग आत्ताच गेले," मेहुणा म्हणाला.

"तुमच्या म्हणण्यानं नाही चालायचं. फोन तुम्हीच केलात. आणि जावयाचा हात यांच्या हातावर होता, त्याचा जबाब काय घेऊ? रक्ताच्या, पण यात हात नसलेल्या माणसाचा पाहिजे. जे त्यांच्याजवळ होतं त्याचा." त्यानं गाडीकडे बघितलं. "ताईंचा."

ती गाडीच्या पायरीवर बसली होती, बाबांच्या पायावर हात ठेवून. सगळे तिच्याभोवती उभे राहिले. डॉक्टर, कारकून, मेहुणा, चावीवाला. उभं राहण्याची तऱ्हा सगळ्यांची सारखी, दारात भीक मागायला आल्यासारखी. चावीवाल्याला वाटलं, आपण मध्ये पडावं, म्हणावं की जाऊ दे, खरं सांग. त्यानं खरोखर एक पाऊल पुढं टाकलं. तिनं मान वर न करताच हात करून त्याला थांबवलं.

"ताई, वडील कधी गेले?" इन्स्पेक्टरनं विचारलं.

"आज मिळतील ना मला घरी न्यायला?"

इन्स्पेक्टरनं मान हलवली. "गोळीचा मृत्यू आहे. चिरफाड करावी लागते. उद्या, नाहीतर परवा."

तिनं बाबांच्या पायावरची चादर सारखी केली. पहाटेपासून भेटेल त्याला तिनं एकच सांगितलं होतं, किती शांत गेले, माझ्या हातात हात होता. नवऱ्याला, भावाला, डॉक्टरांना. तेवढंच तिच्याजवळ होतं.

"आत्ता गेले," ती म्हणाली. "इथंच. बंदूक रिकामी करताना."

"तुम्ही जवळ होता?"

"नाही. लांब उभी होते, भिंतीपाशी."

कारकुनानं डोळे मिटून श्वास सोडला. मेहुण्यानं चावीवाल्याचा दंड दाबला, भाऊजी सुटलात, अशा अर्थानं. चावीवाल्याला तो हात झटकून टाकावासा वाटला, पण त्यानं झटकला नाही.

इन्स्पेक्टरनं लिहून घेतलं. लिहून झाल्यावर तो जरा घुटमळला. त्यालाही घरी कुणी म्हातारं असावं. पेनाचं टोपण लावत त्यानं, जबाबात नसलेलं, उगाच माणुसकीनं विचारलं, "फार त्रास झाला का हो त्यांना?"

"नाही," ती म्हणाली. "त्यांना कळलंसुद्धा नाही."

इन्स्पेक्टरनं टोपण काढलं आणि तेही लिहून घेतलं.